पेपर झाल्यावर सांगू

आमच्या चाळीत मार्च-एप्रिलमध्ये वाईट बातमी घरात येत नाही. ती उंबऱ्याशीच थांबवली जाते. ज्या घरात मुलाची परीक्षा असेल, तिथे गावाहून कुणी गेल्याची तार आली तरी आई ती पोळपाटाखाली सरकवते, आणि रडायचंच झालं तर नळावर पाणी भरताना रडून घेते. माझ्या दहावीच्या वेळी आजोबा वारले. मला ते कळलं अकरा दिवसांनी, शेवटचा पेपर देऊन आल्यावर. मधल्या काळात बाबा गावी जाऊन आले होते. डोक्यावरचे केस काढलेले, म्हणून घरातसुद्धा टोपी घालून बसत होते. मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही. मला वाटतं, मला ठाऊक होतं. पण विचारलं असतं तर त्यांना सांगावं लागलं असतं, आणि मग भूमितीचा पेपर कोण लिहिणार?

घाटकोपरच्या या टेकडीवर यात कुणाला काही वावगं वाटत नाही. आमच्या घरांमधून पहिल्यांदाच कुणीतरी शिकतंय. पोराचं वर्ष फुकट जाता कामा नये, बाकी सगळं थांबू शकतं. मरणसुद्धा.

यंदा धाकट्या बहिणीची, सुलूची, दहावी आहे. परवा गावाहून कार्ड आलं, आत्याचं काही खरं नाही म्हणून. आईने ते माझ्याकडून वाचून घेतलं आणि तांदळाच्या डब्यात खोल खुपसलं. म्हणाली, "सुलूक सांगू नको हां. पेपर होऊंदेत." मी मान हलवली. तिच्या बोटांना तांदळाची पांढरी भुकटी लागली होती. ती तिने पदराला पुसली आणि कुकर लावायला घेतला. मी मात्र दिवसभर नुसता बसून राहिलो. तीन वर्षांपूर्वीच्या एप्रिलबद्दल लिहायचं मी किती दिवस टाळतोय. नीट लिहिता येईल की नाही, माहीत नाही. मी काही लेखक नव्हे. एम.ए.ला नाव घातलंय, सकाळी शिकवण्या घेतो, आणि वाचनालयात जाऊन रोज एकाच देशाची बातमी शोधतो.

तो एप्रिल आठवायला मला कष्ट पडत नाहीत. ऊन वाढलं की आपोआप येतो. टेकडीवरच्या सावरीची बोंडं फुटून कापूस उडायला लागतो आणि वाळत घातलेल्या कपड्यांना चिकटतो. साकीनाक्याच्या वर्कशॉपांमधून ग्राइंडरची किरकिर आणि तापलेल्या लोखंडाचा वास दुपारभर वर येत राहतो. गिरणीचा संप झाल्यानंतर बाबा तिथल्याच एका वर्कशॉपात वॉचमन म्हणून लागले होते, त्यांच्या शर्टालासुद्धा तोच वास यायचा. पवईच्या तलावाचं पाणी आत सरकतं, काठाचा चिखल तडकतो. आम्ही तिघं तिथे अभ्यासाला जायचो. तिघं म्हणजे मी, तोमास आणि पॉल.

ते दोघे नामिबियाचे. आफ्रिकेच्या नैर्ऋत्य टोकाचा देश. शेजारच्या दक्षिण आफ्रिकेतलं गोऱ्यांचं सरकार तिथे राज्य करत होतं, आणि हे लोक स्वातंत्र्यासाठी लढत होते. कित्येक पोरं शाळा सोडून, सीमा ओलांडून निघून गेली. तिकडच्या छावण्यांमधून काहींना त्यांच्या संघटनेने शिकायला वेगवेगळ्या देशांत पाठवलं. हे दोघे असे मुंबईत आले, अंधेरीला दोन खोल्यांत राहू लागले आणि माझ्या वर्गात माझ्याच बाकावर बसू लागले. कारण शेवटच्या बाकावर जागा होती, आणि मराठी माध्यमातून आलेला मी इंग्रजीच्या भीतीने तिथेच बसायचो.

कॉलेजच्या लायब्ररीत जाडजूड नकाशासंग्रह होता. त्यात त्यांच्या देशाला अजून जुनंच, गोऱ्यांनी दिलेलं नाव छापलेलं. तोमासने ते बघितलं, बॉलपेन काढलं, ते नाव नीट पट्टीने खोडलं आणि वर 'नामिबिया' लिहिलं. मला घाम फुटला. पॉल म्हणाला, "घाबरू नको, प्रोफेसर. देश स्वतंत्र करायला वेळ लागतोय, तोवर निदान लायब्ररी तरी करू." आमचं बोलणं अर्धं इंग्रजीत, अर्धं बम्बैया हिंदीत चालायचं. इथे मी ते मराठीत लिहितोय. पॉल मला प्रोफेसर म्हणायचा, कारण मला एकाही प्रोफेसरशी धड बोलता यायचं नाही.

तोमास गंभीर होता. बोलायच्या आधी थांबायचा. पॉल त्याच्या उलट. आमच्या चाळीत पहिल्यांदा आला त्याच दिवशी खालच्या कॅरमवर बसला आणि दोन बोर्ड जिंकून वर आला. पोरं त्याला पॉल्या म्हणू लागली. आईने बांगड्याचं तिखलं केलं होतं. दोघांनी डोक्यासकट मासा खाल्ला, काटे चोखून ताटाच्या कडेला ओळीने लावले. ते बघून आई एकदम मोकळी झाली. इतका वेळ ती दाराआडून बघत होती, आता समोर येऊन बसली आणि आमच्याकडे कुणालाही विचारतात ते तिने तोमासला विचारलं.

"तुझ्या बापाशीचा नाव काय रे, बाबा? नि गाव खंयचो?"

मी त्याला हिंदीत सांगितलं. पॉलने त्याच्याकडे बघितलं, काहीतरी त्यांच्या भाषेत हळू म्हणाला. मग तोमासने सांगितलं. स्वतःचं घरचं नाव, वडिलांचं नाव, गावाचं नाव. आई एकेक शब्द त्याच्यामागून म्हणत गेली, चुकली, पुन्हा म्हणाली. तिला ते जमेपर्यंत तो सांगत राहिला. तेव्हा त्याचा चेहरा कसा झाला होता, ते मला सांगता येणार नाही. खाली उतरताना म्हणाला, "चार वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं."

तोमास हे त्याचं खरं नाव नव्हे, हे मला असं कळलं. मला त्यात विशेष काही वाटलं नाही. आमच्याकडेही पाळण्यातलं नाव वेगळं आणि शाळेतलं वेगळं असतंच की. ते खरं नाव मी इथे लिहिणार नाही. वडिलांचंही नाही आणि गावाचंही नाही. एकदा लिहिलं होतं.

कॉलेजच्या शेवटच्या वर्षी, दिवाळीच्या थोडं आधी, युरोपातून तीन माणसं कॅमेरा घेऊन आली होती. देशोदेशी विखुरलेल्या नामिबियाच्या विद्यार्थ्यांवर ती माहितीपट काढत होती. दिग्दर्शक उंच आणि सतत खाली वाकून बोलणारा, एक कॅमेऱ्याचा माणूस, आणि आवाज टिपणारी एक बाई. संघटनेने मुंबईतून तोमासला बोलायला सांगितलं. मी वायरी धरायला, चहा आणायला, शेजाऱ्यांना समजवायला होतो. अंधेरीच्या त्या खोलीत खिडकीला पाठ लावून त्याला बसवलं, असं की उजेड मागून येईल आणि चेहरा काळोखात राहील. पंखा बंद. घामाने सगळे निथळत होते. बोलणं सुरू झालं की खालून भांडीवाली ओरडायची आणि बाई कानावरचं यंत्र काढून हसायची. चार वेळा असं झालं. शेवटी पॉल खाली गेला, भांडीवालीशी पाच मिनिटं गप्पा मारून एक पातेलं विकत घेऊन वर आला. म्हणाला, "आता बोला. ती दुसऱ्या गल्लीत गेली."

मग तोमास बोलला. पंधरा वर्षांचा असताना तो कसा निघाला ते. वडिलांना सांगितलं नव्हतं, पण त्यांना कळलं असावं. पहाटे तो गोठ्यावरून गेला तेव्हा ते गुरं मोजत उभे होते. मोजून झाली की पुन्हा पहिल्यापासून मोजायचे. "त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही," तोमास म्हणाला, "कारण बघितलं असतं तर थांबवावं लागलं असतं." मी वायर धरून उभा होतो. मला आजोबा आणि बाबांची टोपी आठवली. मला वाटलं, हा माझ्याच घरातलं सांगतोय.

बोलून झाल्यावर त्याने दिग्दर्शकाला सांगितलं, "नाव फक्त तोमास. तेवढं पुरे." मी ते ऐकलं. स्वच्छ ऐकलं.

दुसऱ्या दिवशी ती माणसं सामान बांधत होती. तोमास लेक्चरला गेला होता. त्या बाईने मला एक फुलस्केप कागद दिला. फिल्ममध्ये जे जे आले, ज्यांनी ज्यांनी मदत केली त्यांची नावं मोठ्या अक्षरात लिहून दे म्हणाली, माझं अक्षर छान आहे म्हणून. मी खाली सतरंजीवर बसलो. स्वतःचं नाव लिहिलं, पूर्ण, बाबांच्या नावासकट, कारण बाबांचं नाव युरोपात छापून येणार होतं. मग तोमासचं नाव आलं. 'तोमास' एवढंच लिहिलं आणि पेन थांबलं. ते नुसतं नाव फार उघडं दिसत होतं. आमच्याकडे बापाचं नाव नसलेला माणूस म्हणजे बेवारशी. रेशनकार्डावर, लग्नपत्रिकेत, परीक्षेच्या फॉर्मवर, कुठेही एकेरी नाव लिहीत नाहीत. मला वाटलं, हा भिडेखातर 'तेवढं पुरे' म्हणाला. आपलीही माणसं म्हणतातच, राहू द्या हो, नावाचं काय एवढं. आणि मनातून त्यांना वाटत असतं की कुणीतरी लिहावं. ज्या बापाने गुरं मोजत त्याला जाऊ दिलं, त्याचं नाव पडद्यावर यायला नको?

मी कंसात सगळं लिहिलं. घरचं नाव, बापाचं नाव, गाव. आईने जसं घोकलं होतं तसं, एकही अक्षर न चुकवता. त्याला सांगितलं नाही. फिल्म बघेल तेव्हा कळेल, असं मनात होतं.

मग परीक्षा आली. टी.वाय.ची, सहा पेपरांची. बाबांनी माझ्यासाठी वर्कशॉपातून एक लाकडी फळी आणली, तिला रंधा मारून गुळगुळीत केलं. ती मांडीवर ठेवून मी लिहायचो. चाळीत रेडिओ हळू झाले. कुणाकडे साखरपुडा होता, तो पुढे ढकलला गेला. दुसरा पेपर संपवून मी अंधेरीला त्यांच्या खोलीवर गेलो तर दार उघडं, आणि तोमास पलंगावर बसलेला. हातात पत्र. पॉल घरात नव्हता.

पत्र त्याच्या मोठ्या बहिणीचं होतं. तिकडून सरळ पत्र येत नसे. एका पाद्र्याने ते देशाबाहेर नेऊन टाकलं होतं, म्हणून यायला महिना लागला. पोलीस पहाटे घरी आले, असं तिने लिहिलं होतं. त्यांनी वडिलांना नावाने हाक मारली. मग तोमासचं घरचं नाव घेतलं, जे फक्त घरात आणि गावात माहीत, आणि म्हणाले, तुझा मुलगा मुंबईत बसून आमच्याविरुद्ध बोलतो. वडिलांना घेऊन गेले. कुठे ठेवलंय ते सांगत नाहीत.

तेव्हा त्याने मला समजावून सांगितलं, नावं का बदलतात ते. मागे राहिलेल्या माणसांसाठी बदलतात. इतका साधा अर्थ. मी तीन वर्षं त्याच्या शेजारी बसत होतो आणि मला सुचला नव्हता.

"ते नाव मुंबईत दोघांनाच माहीत," तो म्हणाला. "एक मी. दुसरा पॉल. आम्ही एकाच मिशनच्या शाळेत होतो."

हे तो माझ्या तोंडावर म्हणाला. माझ्या आईला त्याने ते शिकवलं होतं, मी समोर बसलो होतो, हे तो विसरला असेल असं मला वाटत नाही. त्याने आम्हाला धरलंच नाही. घरच्या माणसांना अशा हिशेबात कुणी धरत नाही.

मला त्या क्षणी तो फुलस्केप कागद आठवला का? आठवला. खोटं कशाला लिहू? पण मी स्वतःला म्हटलं, फिल्म कुठली, ते खेडं कुठलं. तिसरा पेपर दोन दिवसांवर होता.

त्या दोन खोल्यांत पुढचे दिवस कसे गेले ते मी पाहिलं. तोमासने स्टोव्ह उचलून बाहेर गॅलरीत नेला आणि स्वतःपुरतं शिजवू लागला. ते विकत घेतलेलं पातेलं त्याने पॉलच्या खाटेखाली सरकवलं. पॉल आधी हसला. "काय रे, वेगळी चूल? भाऊबंदकी झाली काय आपली?" हा शब्द तो आमच्याच चाळीत शिकला होता. मग त्याला कळलं. त्यांच्या भाषेत एकदा मोठं भांडण झालं, शेजारी बाहेर आले. त्यानंतर पॉल घरी बोलेनासा झाला. नाक्यावर उभा राहून वडापाव खायचा आणि परत येऊन भिंतीकडे तोंड करून वाचत बसायचा.

तोमासने पॉलवरचा संशय दिल्लीला संघटनेच्या कार्यालयात लिहून कळवला. तसं कळवायचा नियमच होता. त्या काळात त्यांच्यात फितुरांची फार भीती पसरली होती, आणि फितूर कोण हे ठरवायला फार पुरावा लागत नव्हता, हे मला पुष्कळ नंतर समजलं.

चौथ्या पेपरच्या आदल्या दिवशी दुपारी मी पवईहून एकटाच घरी आलो. आई दारातच उभी होती. पोस्टाने माझ्या नावाचं मोठं पाकीट आलं होतं आणि तिला राहवलं नव्हतं.

"हो तोमास मा?" तिने एक गुळगुळीत कागद माझ्यापुढे धरला. "बग, काळोखात बसवलो हा त्येका. दिवो तरी लावूचो होतो."

फिल्मचं पत्रक होतं. पहिल्या पानावर खिडकी, आणि खिडकीपुढे तोमासची काळी आकृती. चेहरा दिसत नव्हता, पण आईने खांद्यांवरून ओळखलं होतं. फेब्रुवारीत कुठल्याशा शहरात फिल्म दाखवली, लोक खूप आले, असं बाईने सोबत हाताने लिहिलं होतं. माझे आभार मानले होते. मी पान उलटलं. मागे बारीक अक्षरात नावांची यादी होती आणि त्यात तो कंस जसाच्या तसा होता. घरचं नाव, बापाचं नाव, गाव.

"शेजारणीक दाखवलंय मी," आई सांगत होती. "भिंतीक लावूया म्हणतंय. तुज्या बापाशीचा पण नाव आसा मा रे ह्याच्यात?"

"आहे," मी म्हटलं.

पत्रक मी वहीत घातलं आणि फळी घेऊन बसलो. आई समजली की मी अभ्यास करतोय, तिने दार लोटून घेतलं. खालचा कॅरम पोरांनी माझ्यासाठी बंद ठेवला होता. सगळी टेकडी माझ्यासाठी गप्प होती. मी काय केलंय हे तिथे एकट्या मला माहीत होतं, आणि माझ्या मनात पहिला विचार कुठला आला? पेपर झाल्यावर सांगू. तीन पेपर राहिलेत. मी ते वाक्य काही शोधून काढलं नव्हतं. ते आमच्या घरात पाण्याच्या हंड्यासारखं कायमचं भरून ठेवलेलं असतं. तहान लागली की हात आपसूक तिकडे जातो.

दहा दिवस. चौथा, पाचवा, सहावा. मी रोज तोमासला भेटत होतो. त्याला राज्यघटनेवरचे प्रश्न समजावून सांगत होतो. तो ऐकायचा, आणि मध्येच म्हणायचा, "त्यांना पाण्याशिवाय औषधाची गोळी गिळता येत नाही." त्याच्या वडिलांबद्दल. मग पुन्हा प्रश्नाकडे वळायचा. वही माझ्या हातात असायची, तेच पत्रक असलेली. पाचव्या पेपरनंतर दिल्लीहून पॉलला बोलावणं आलं. परीक्षा सोडून ताबडतोब निघायचं, दिल्लीहून पुढे छावणीत. त्याचा एक पेपर राहिला होता. एका पेपरने त्याची पदवी राहिली. शेवटच्या पेपरच्या दोन दिवस आधी तो गेला.

सहावा पेपर संपला तेव्हा केंद्राबाहेर नेहमीची गर्दी होती. मुलं एकमेकांच्या शर्टांवर शाई उडवत होती, रसवंतीची घुंगरं वाजत होती. तोमास माझी वाट बघत झाडाखाली उभा होता. मी वही उघडून पत्रक त्याच्या हातात दिलं आणि सगळं सांगितलं. म्हणजे जसं जमलं तसं, तुटक. त्याने यादीवर बोट ठेवलं आणि वडिलांच्या नावावरून ते हळू फिरवलं. मला वाटलं तो मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं.

"हे कधी आलं?" त्याने विचारलं.

"चौथ्या पेपरच्या आदल्या दिवशी."

तो मनात दिवस मागे मोजत गेला. ते मला त्याच्या ओठांवर दिसत होतं.

"म्हणजे तेव्हा पॉल इथे होता," तो म्हणाला.

एवढंच. लिहिण्याची चूक त्याने मला कधी बोलून दाखवली नाही. आम्ही तसेच तारघरात गेलो. दिल्लीला तार केली, मग मी माझ्या अक्षरात सविस्तर पत्र लिहिलं, सोबत पत्रक जोडलं. उत्तर आलं की पॉल पुढे रवाना झाला आहे आणि पत्र पुढे पाठवलं आहे. त्यानंतर काही नाही. पावसाळ्याच्या तोंडावर तोमासही गेला, पॉलला शोधायला. त्याचं एकच पत्र आलं, वर्षाने. वडिलांना सोडलं आहे, पण ते घरात कुणाशी बोलत नाहीत, असं बहिणीने कळवलंय. पॉलचा पत्ता लागत नाही. ज्यांना विचारावं ते म्हणतात, विचारू नकोस. माझ्या आईला नमस्कार. मी त्या पत्त्यावर सात पत्रं टाकली. कदाचित आठ.

आता वर्तमानपत्रात येतंय की तो देश स्वतंत्र होणार. परदेशी गेलेली माणसं विमानांनी परत येणार. आतल्या पानावर दोन-तीन ओळी असतात, कधी नसतातही. मी आईला वाचून दाखवलं तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे पॉल्या पण घराक जातलो मा?" मी हो म्हटलं. तिला काहीच माहीत नाही. आता कुठले पेपर आहेत माझे, की मी तिला सांगू नये? ती फिल्म मी अजून पाहिलेली नाही. कुठे ना कुठे ती दाखवली जात असेल. दीड-दोन मिनिटं तोमास गुरं मोजणाऱ्या बापाबद्दल बोलत असेल, आणि ज्यांनी ती बघितली त्यांना वाटत असेल, किती चांगलं बोलला हा. शेवटी नावं येत असतील. लोक तोवर उठायला लागलेले असतात.

एक गोष्ट मी त्या सविस्तर पत्रात लिहिली नव्हती. तोमासलाही सांगितली नाही.

पॉल गेला त्या दुपारी त्याला सोडायला मी एकटाच गेलो होतो. तोमास आतल्या खोलीत बसून राहिला. विमानतळासाठी रिक्षा मिळेना. उन्हात डांबर मऊ झालं होतं, आमच्या चपला चिकटत होत्या. पॉलकडे एकच बॅग होती. ती तो या हातातून त्या हातात घेत राहिला. मग माझ्याकडे न बघता त्याने विचारलं, "प्रोफेसर, तुला काय वाटतं? मी केलं असेल?"

"नाही," मी म्हटलं.

"नक्की?"

"नक्की. तू नाही केलंस."

त्याने बॅग खाली ठेवली. माझा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि गुडघे किंचित वाकवले. त्यांच्याकडे मोठ्या माणसांपुढे वाकतात तसे. मी हात सोडवून घ्यायला बघत होतो, तो सोडत नव्हता. "थँक यू," तो म्हणाला. "कुणीतरी एकाने म्हणायला हवं होतं. आता मी जाऊ शकतो." त्याचे डोळे भरले होते. वही माझ्या काखेत होती.

रिक्षा आली. बसताना त्याने डोकं बाहेर काढलं.

"जा आता. परवा पेपर आहे ना तुझा? उगाच उन्हात उभा राहू नको."

मी घरी आलो. पाय धुतले, फळी मांडीवर घेतली आणि अभ्यासाला बसलो. अभ्यास चांगला झाला.